‘फोटो’ या शब्दामागील विज्ञान : प्रकाश-रासायनिक अभिक्रिया आणि आपले आरोग्य

(अवसरी बुद्रुक येथे रुग्णालयाच्या वार्षिक मेळाव्यात वैद्यकीय विभागाच्या वतीने दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



वार्षिक मेळाव्यात जमाखर्च आणि कामकाजाचा आढावा आपल्यासमोर मांडला जातोच. त्यासोबत आरोग्याचा एखादा विषय सोप्या भाषेत समजावून द्यावा, अशी विश्वस्त मंडळाची सूचना होती. आम्ही जो विषय निवडला आहे, त्याचे नाव ऐकून काहींना तो महाविद्यालयाच्या वर्गातला वाटेल. ‘प्रकाश-रासायनिक अभिक्रिया’ हे ते नाव. परंतु या शब्दाचा संबंध आपल्या रुग्णालयात जन्मणाऱ्या प्रत्येक बाळाशी येतो, आणि तो नीट न समजल्यामुळे काही घरांत कायमचे दुःख येते. म्हणूनच आज तो घेतला आहे.

आपल्या भागात ‘फोटो काढला’ असे कोणी म्हणाले, तर त्याचे दोन अर्थ होतात. एक लग्नातला फोटो आणि दुसरा छातीचा किंवा हाडाचा एक्स-रे. त्यामुळे नवजात बाळाला ‘फोटोथेरपी द्यावी लागेल’ असे आम्ही सांगितले की आजी-आजोबांच्या चेहऱ्यावर शंका उमटते. एवढ्याशा जिवाचे फोटो कशाला काढायचे, त्याला किरणांचा त्रास होणार नाही का, असे प्रश्न येतात. ते स्वाभाविक आहेत, कारण शब्द एकच असून अर्थ निराळे आहेत. मूळ ग्रीक शब्दाचा अर्थ केवळ ‘प्रकाश’ एवढाच आहे. छायाचित्राला आपल्या जुन्या मराठी लेखनात ‘प्रकाशचित्र’ असेही म्हणत. ‘फोटोथेरपी’ म्हणजे प्रकाशाने केलेला उपचार. त्यात चित्र काढले जात नाही आणि एक्स-रेचे किरणही वापरले जात नाहीत.

शब्दाचा अर्थ

दोन पदार्थ एकत्र आले व त्यांतून नवा पदार्थ तयार झाला, की त्यास रासायनिक अभिक्रिया म्हणतात. जुन्या ग्रंथांत यासाठी ‘विक्रिया’ हा शब्द आढळतो. चुलीवर शिजणाऱ्या अन्नात असे बदल उष्णतेमुळे घडतात. काही बदल मात्र उष्णतेने घडत नाहीत, त्यांना प्रकाशच लागतो. प्रकाशाचा एक कण पदार्थाच्या एका रेणूत शोषला जातो, त्या रेणूला क्षणभर जादा ऊर्जा मिळते आणि तो तुटतो, वळतो किंवा दुसऱ्याशी जोडला जातो. अशा बदलाला प्रकाश-रासायनिक अभिक्रिया म्हणावे. प्रकाशाने रेणू तुटला तर ते ‘प्रकाशीय अपघटन’ आणि साध्या पदार्थांपासून मोठा पदार्थ बांधला गेला तर ते ‘प्रकाशसंश्लेषण’ होय.

या शास्त्राचा पहिला नियम १८१७ मध्ये ग्रोथस यांनी आणि पुढे १८४१ मध्ये ड्रेपर यांनी मांडला. तो असा की, पदार्थावर पडणारा सगळा प्रकाश कामाचा नसतो. जो शोषला जातो तोच बदल घडवू शकतो. नियम साधा आहे, पण आज पुढे जे सांगावयाचे आहे ते सर्व त्यावर उभे आहे. तो समजला, की दिव्याचा रंग का महत्त्वाचा आणि बाळाचे कपडे का काढायचे, ही दोन्ही उत्तरे आपोआप मिळतात.

प्रकाशकणाच्या अंगी पुरेशी ऊर्जा असणे हीसुद्धा एक अट आहे. आपल्या शेजारच्या जुन्नर तालुक्यात खोडद येथे ४५ मीटर व्यासाच्या ३० ॲन्टेना असलेली महाकाय रेडिओ दुर्बीण आहे. अवकाशातून येणाऱ्या रेडिओ लहरी ती टिपते. रेडिओ लहरी, अवरक्त किरण, दृश्य प्रकाश, अतिनील किरण आणि क्ष-किरण ही सगळी एकाच कुळातील भावंडे आहेत. परंतु रेडिओ लहरीच्या एका कणाची ऊर्जा निळ्या प्रकाशाच्या कणापेक्षा लाखो पटींनी कमी असते. तिच्याने रेणूचा बंध तुटत नाही. निळा प्रकाश निवडक रेणूंत बदल घडवू शकतो, अतिनील किरण त्याहून अधिक रेणूंत, आणि क्ष-किरण तर अणूतील इलेक्ट्रॉनच बाहेर काढतात. म्हणून ‘किरण’ या एकाच शब्दाखाली सर्वांना बसवून सर्वांना भिणे किंवा सर्वांना निरुपद्रवी मानणे, दोन्ही चूक.

शेतात आणि पडद्यावर

ही अभिक्रिया शेतकऱ्याला नवी नाही. १७७९ मध्ये इंगेनहाउस यांनी दाखवून दिले, की वनस्पतीचा हिरवा भाग प्रकाशातच प्राणवायू सोडतो. आपल्या शिवारातील प्रत्येक पान दिवसभर हेच काम करीत असते. सातगाव पठारावरचा बटाटा उत्पादक शेतकरी सरीला मातीची भर का देतो, हे त्याला विचारावे. बटाटा उघडा पडला आणि त्यावर ऊन आले, की तो हिरवा होतो. हिरवा रंग हरितद्रव्याचा असून तो स्वतः घातक नाही. मात्र त्याच वेळी सोलॅनिन नावाचा विषारी पदार्थही त्यात वाढलेला असू शकतो. म्हणून हिरवा पडलेला भाग खाऊ नये, मुलांना तर मुळीच देऊ नये.

महाराष्ट्राने या शास्त्राचा एक मोठा उपयोग जगाला करून दाखविला आहे. दादासाहेब फाळके यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ हा चित्रपट १९१३ मध्ये प्रदर्शित केला. त्यापूर्वी भांडवल उभारण्यासाठी त्यांनी वाटाण्याच्या रोपाच्या वाढीचा एक लघुपट तयार केला होता. त्या रोपाच्या पानांत प्रकाशाने अन्न तयार होत होते आणि कॅमेऱ्यातील फितीवर त्याच प्रकाशाने चांदीच्या क्षारांचे रूप पालटत होते. एक्स-रेची जुनी फिल्मही चांदीच्या क्षारांचीच असे. ती धुण्याच्या अंधाऱ्या खोलीत लाल दिवा चाले, कारण त्या फिल्मवर लाल प्रकाशाचा परिणाम होत नसे. जो शोषला जातो तोच प्रकाश काम करतो, या नियमाचेच ते उदाहरण.

शरीराच्या आत

आपण या क्षणी एकमेकांना पाहत आहोत, ते एका प्रकाश-रासायनिक अभिक्रियेमुळे. डोळ्याच्या पडद्यावर ‘अ’ जीवनसत्त्वापासून बनलेला एक वाकडा रेणू असतो. प्रकाश पडताच तो सरळ होतो आणि त्यातून मेंदूकडे संदेश जातो. या कार्याच्या शोधातील वाट्याबद्दल जॉर्ज वॉल्ड यांना १९६७ चे नोबेल पारितोषिक मिळाले. ‘अ’ जीवनसत्त्व कमी पडले की रातांधळेपणा का येतो, हे यावरून कळते. रेणूच उपलब्ध नसेल तर प्रकाश कोणावर काम करणार?

‘ड’ जीवनसत्त्वाचेही तसेच. त्वचेतील एका पदार्थावर अतिनील किरणांचा साधारण २९० ते ३१५ नॅनोमीटर तरंगलांबीचा भाग पडला, की त्या रेणूचे एक कडे उघडते आणि पुढे शरीराच्या उष्णतेने त्याचे ‘ड’ जीवनसत्त्व होते. हे किरण खिडकीच्या काचेतून जवळजवळ येत नाहीत. सकाळी अगदी लवकर, सूर्य खाली असताना, वातावरण त्यांना वाटेतच शोषून घेते. त्यामुळे कोवळ्या उन्हाने बाळाला ऊब मिळते, पण पुरेसे ‘ड’ जीवनसत्त्व मिळेलच असे नाही. अंगावर दूध पिणाऱ्या बाळांना रोज ४०० युनिट ‘ड’ जीवनसत्त्वाचे थेंब देण्याची शिफारस बालरोगतज्ज्ञ करतात, ती याच कारणाने. आईच्या दुधात उणे काढण्याचा त्यात हेतू नाही. थेंब द्यावेत आणि दूधही अंगावरचेच पाजावे.

नवजात बाळाची कावीळ

आता मुख्य विषयाकडे येतो. पूर्ण दिवसांच्या दहांपैकी सुमारे सहा बाळांना आणि अपुऱ्या दिवसांच्या दहांपैकी सुमारे आठ बाळांना पहिल्या आठवड्यात थोडीफार कावीळ दिसते. बहुतेकांची ती आपोआप ओसरते. बाळाच्या रक्तातील तांबड्या पेशी झपाट्याने मोडत असतात, त्यांतून बिलिरुबिन हे पिवळे द्रव्य तयार होते, आणि ते बाहेर टाकण्याजोगे करण्याचे काम बाळाच्या कोवळ्या यकृताला अद्याप पुरते जमत नसते. आई व बाळाचे रक्तगट जुळत नसतील, आईचा रक्तगट आरएच निगेटिव्ह असेल, बाळ अपुऱ्या दिवसांचे असेल किंवा त्याला दूध पुरत नसेल, तर हे द्रव्य धोक्याच्या पातळीपर्यंत वाढू शकते. तेथून ते मेंदूत शिरले, तर कर्निक्टेरस नावाचा विकार होतो. त्यातून बाळ वाचले तरी बहिरेपणा, हातापायांचे वेडेवाकडे झटके, मान न सावरणे हे जन्मभर राहते. एकदा झालेली ही हानी भरून येत नाही. मात्र ती टाळता येते, आणि ज्या साधनाने टाळता येते ते म्हणजे निळ्या प्रकाशाचा दिवा.

या उपचाराची हकीकत उद्बोधक आहे. इंग्लंडमधील रॉचफर्ड येथील रुग्णालयात सिस्टर वॉर्ड या परिचारिका अपुऱ्या दिवसांच्या बाळांना उन्हात नेत असत. १९५६ मध्ये त्यांनी डॉक्टरांना एक बाळ दाखविले. त्याच्या अंगाचा पिवळेपणा उतरला होता, मात्र एक त्रिकोणी भाग गडद पिवळा राहिला होता. तेवढ्या भागावर चादरीचे टोक पडलेले होते. त्याच सुमारास एका बाळाच्या रक्ताची नळी उन्हात राहून गेली आणि तिच्यातील बिलिरुबिन अपेक्षेपेक्षा बरेच कमी भरले. या दोन निरीक्षणांवरून क्रेमर, पेरीमन आणि रिचर्ड्स यांनी दिव्याचा पाळणा तयार केला व १९५८ मध्ये ‘लॅन्सेट’ या नियतकालिकात आपले निष्कर्ष प्रसिद्ध केले. पुढे १९६८ मध्ये अमेरिकेत लुसी व त्यांच्या सहकाऱ्यांनी पद्धतशीर चाचणी घेतल्यावर हा उपचार सर्वत्र रुजला. एका परिचारिकेने डोळसपणे पाहिले आणि डॉक्टरांनी तिचे म्हणणे ऐकून घेतले, यातून असंख्य बाळांचे कल्याण झाले. कोणत्याही रुग्णालयाने ध्यानात ठेवावी अशी ही गोष्ट आहे.

दिवा नेमके काय करतो? बिलिरुबिनचा रेणू स्वतःभोवती असा दुमडलेला असतो, की पाण्यात विरघळणारे त्याचे भाग आत दडून राहतात. मिटलेली मूठच जणू. साधारण ४६० ते ४९० नॅनोमीटरचा निळा प्रकाश तो उत्तम शोषून घेतो. प्रकाशकण शोषला जाताच रेणूतील एक बंध फिरतो, मूठ उघडते आणि यकृताच्या प्रक्रियेची वाट न पाहता ते द्रव्य पित्तावाटे व लघवीवाटे बाहेर पडू लागते. थोडासा भाग प्रकाशाने पुरता मोडूनही जातो. त्वचेखालच्या रक्तात हे काम चालते. म्हणून बाळाचे जितके अंग उघडे, तितका उपचार प्रभावी. कपडे का काढले, याचे उत्तर हेच आहे. या दिव्यात अतिनील किरणांचा वापर नसतो. डोळ्यांवर पट्टी बांधतो, ती तीव्र प्रकाशापासून पडद्याचे रक्षण व्हावे म्हणून.

बाळाला ‘काचेत ठेवले’ किंवा ‘पेटीत ठेवले’ म्हटले की घरात रडारड सुरू होते, हे आम्ही जाणतो. पेटी म्हणजे शेवटचा उपाय, अशी समजूत त्यामागे असते. वास्तविक वेळेवर दिलेला प्रकाशोपचार हा शेवटचा उपाय टाळण्यासाठी असतो. पातळी फारच वाढली, तर बाळाचे सर्व रक्त थोडे थोडे करून बदलावे लागते. त्या अवघड प्रक्रियेची पाळी दिव्यामुळे पुष्कळ अंशी टळते. उपचार चालू असताना आईने बाळाला जवळ घ्यावे, दर दोन-तीन तासांनी अंगावर पाजावे आणि पाजणे झाले की पुन्हा दिव्याखाली ठेवावे. दिव्यामुळे शी पातळ व हिरवट होऊ शकते, त्याची धास्ती नको.

ऊन, माळ आणि वाट पाहणे

वडीलधारी माणसे सांगतात, बाळाला कोवळे ऊन द्या, कावीळ उतरेल. या सांगण्याची आम्ही थट्टा करणार नाही. सूर्यप्रकाशात निळा प्रकाश आहेच आणि रॉचफर्डची कथा आपण आताच ऐकली. नायजेरियातील लागोस येथे अतिनील व अवरक्त किरण गाळणाऱ्या विशिष्ट पडद्याखाली बाळांना ठेवून केलेला अभ्यास २०१५ मध्ये प्रसिद्ध झाला, त्यातही चांगले परिणाम दिसले. पण तेथे गाळलेला प्रकाश होता, त्याचे मोजमाप होते, बाळाचे तापमान पाहिले जात होते आणि रक्ताची तपासणी होत होती. आपल्या अंगणात यांतले काहीच नसते. सकाळच्या पंधरा मिनिटांच्या उन्हाने वाढलेले बिलिरुबिन आटोक्यात येत नाही. आणि जास्त वेळ ठेवावे, तर बाळ तापते, भाजते किंवा थंडीत गारठते. कावीळ उतरविण्यासाठी गळ्यात माळ घालण्याची रीतही आपल्याकडे आहे. श्रद्धेविषयी आमची तक्रार नाही. आमचा आक्षेप वाट पाहण्याला आहे. माळेवर भरवसा ठेवून दोन दिवस घरी काढले, तर नेमके तेच दोन दिवस मेंदूच्या दृष्टीने मोलाचे असू शकतात.

म्हणून काही लक्षणे प्रत्येक घराने ध्यानात ठेवावीत. जन्मानंतर पहिल्या २४ तासांतच पिवळेपणा दिसला, तर तो कधीही साधा समजू नये. पिवळेपणा तोंडापासून खाली पसरत हात-पाय, तळहात, तळवे यांपर्यंत आला, बाळ दूध ओढेनासे झाले, सुस्त पडले, किंचाळून रडू लागले किंवा अंग मागे धनुष्यासारखे ताठ करू लागले, तर रात्र असली तरी त्याच वेळी निघावे. सावळ्या वर्णाच्या बाळात पिवळेपणा चटकन कळत नाही. दिवसाच्या उजेडात बोटाने त्वचा दाबून पाहावी. एकदा दिव्याखाली ठेवल्यावर मात्र त्वचेच्या रंगावर विसंबू नये. त्वचा आधी फिकी होते, रक्तातील पातळी तपासणीनेच कळते.

आणखी दोन गोष्टी. बाळाच्या कपड्यांत डांबराच्या गोळ्या ठेवू नयेत. जीसिक्सपीडी या विकराची जन्मजात कमतरता असलेल्या बाळाच्या तांबड्या पेशी त्यांच्या वासानेही मोडू शकतात. आणि कावीळ दोन आठवड्यांनंतरही राहिली, शी पांढरट व लघवी गडद होऊ लागली, तर ती पित्तनलिकेच्या विकाराची खूण असू शकते. तेथे दिव्याचा उपयोग नसतो. शस्त्रक्रिया लागते व ती पहिल्या ६० दिवसांच्या आत झाली तर यशाची शक्यता अधिक असते.

प्रकाशाची दुसरी बाजू

जो प्रकाश औषधाचे काम करतो, तोच औषध बिघडवूही शकतो. काही औषधे तपकिरी बाटलीत का मिळतात, असे रुग्ण विचारतात. प्रकाशाने त्यांचे रेणू तुटू नयेत म्हणून. बीसीजी आणि गोवराच्या लसीच्या कुप्या गडद काचेच्या असतात, त्या याच कारणाने. अतिदक्षता विभागात रक्तदाब उतरविण्यासाठी वापरले जाणारे एक औषध तर सलाईनची बाटली काळ्या वेष्टनात गुंडाळूनच द्यावे लागते. गोळ्या मूळ वेष्टनातून काढून उन्हात येणाऱ्या फळीवर पारदर्शक डबीत ठेवू नयेत.

बावची ही वनस्पती आयुर्वेदात पांढऱ्या कोडावर पूर्वापार सांगितली आहे. तिच्यातील सोरॅलेन या द्रव्याला अतिनील किरणांची जोड दिली, तरच ते काम करते. आधुनिक त्वचारोगशास्त्राने १९७४ च्या सुमारास हीच जोडी मोजूनमापून उपचारात आणली. मात्र घरच्या घरी बावचीचे तेल लावून उन्हात बसणाऱ्यांना भाजल्यासारखे फोड आलेले दिसतात. लिंबाचा रस चेहऱ्याला लावून उन्हात गेल्यानेही असेच डाग पडू शकतात. डॉक्सिसायक्लीनसारखी औषधे चालू असताना शेतात काम करणाऱ्यांनी टोपी, उपरणे व पूर्ण बाह्यांचा सदरा वापरावा. कोड हा संसर्गजन्य रोग नाही, हेही या व्यासपीठावरून पुन्हा सांगतो. त्यापायी कोणा मुलीचे लग्न अडू नये.

आपल्या देणगीचा अर्थ

देणगीदारांना एक निवेदन करावयाचे आहे. प्रकाशोपचाराचा दिवा विकत घेतला म्हणजे काम संपत नाही. जुन्या नळीचे दिवे दिसायला लखलखीत असतात, पण तासागणिक त्यांचा उपयोगी निळा प्रकाश घटत जातो आणि ते डोळ्याला कळत नाही. दिवा बाळापासून थोडा दूर सरकला तरी प्रभाव उतरतो. म्हणून प्रकाशाची तीव्रता मोजणारे छोटे यंत्र प्रत्येक कक्षात हवे आणि नोंदवहीत त्या मोजमापाची नोंद हवी. तीव्र उपचारासाठी दर चौरस सेंटिमीटरला, दर नॅनोमीटरमागे किमान ३० मायक्रोवॅट प्रकाश लागतो. कमी मापाच्या दिव्याखाली बाळ दोन दिवस ठेवले, तर सर्वांना उपचार झाल्याचे समाधान मिळते, बाळाला मात्र तो मिळालेला नसतो. वीज गेली तरी दिवा विझू नये, अशी पर्यायी व्यवस्थाही तितकीच आवश्यक आहे. इमारतीच्या कोनशिलेप्रमाणे या गोष्टी नजरेस भरत नाहीत. तरीही मापकयंत्र, सुटे दिवे, बॅटरी आणि डोळ्यांच्या पट्ट्या यांसाठी दिलेला रुपया थेट एखाद्या बाळाच्या मेंदूचे रक्षण करतो, हे आम्ही जबाबदारीने सांगू इच्छितो.

कुटुंबीयांना विनंती एवढीच, की प्रसूतीनंतर घाईने घरी नेण्याचा आग्रह धरू नये. घरी नेलेच, तर सांगितलेल्या दिवशी बाळाला दाखवावयास आणावे. कावीळ तिसऱ्या ते पाचव्या दिवसाच्या सुमारास सर्वाधिक वाढते आणि नेमकी तेव्हाच बाळ-बाळंतीण घरी पोचलेली असते. आशाताई दारात आल्या, तर बाळ उजेडात आणून त्यांना दाखवावे. आईने स्वतःचा रक्तगट गरोदरपणीच माहीत करून घ्यावा व तो कार्डावर लिहून ठेवावा.

‘फोटो’ या शब्दाचा अर्थ आज आपण सर्वांनी समजून घेतला. यापुढे गावात कोणी म्हणाले, की बाळाला फोटोथेरपी सांगितली आहे, न्यावे की न न्यावे, तर येथे बसलेल्यांपैकी कोणीतरी त्यांना समजावून सांगावे, त्यांच्या सोबत यावे.